मुंबईचा रवी, केरळचा ‘बॉम्बे रवी’

संगीतकार रवी यांचं मोठं काम कोणतं, यावर हैदराबादच्या हिमायतनगरातल्या एका मराठी घरात एकमत होत नाही. मामा सत्तरी ओलांडलेले, बँकेतून निवृत्त झालेले. उर्दू हॉल घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर, त्यामुळे शेरोशायरीची गोडी तरुणपणीच लागलेली. भाची तिशीच्या आतली, ध्वनिमुद्रणाच्या स्टुडिओत काम करणारी. मल्याळम चित्रपटांचं तेलुगूत डबिंग करणं हा तिच्या रोजच्या कामाचा भाग. मामांच्या लेखी रवी म्हणजे ‘चौदहवीं का चाँद’, ‘गुमराह’, ‘वक़्त’, ‘हमराज़’. भाचीच्या लेखी रवी म्हणजे ‘नखक्षतंगळ’, ‘वैशाली’, ‘परिणयम’.

वादाला निमित्त झालं ‘प्रेमलु’चं. २०२४ साली आलेला हा मल्याळम चित्रपट हैदराबादेतच घडतो. केरळातून या शहरात येऊन पडलेल्या तरुण मुलामुलींची ती गोष्ट. तेलुगूत आल्यावर इथेही तो जोरात चालला. विष्णू विजय यांचं संगीत मामांनाही आवडलं. पण आवडल्याचं सांगून झाल्यावर ते म्हणाले, “चांगलं आहे, तरतरीत आहे. पण चाल अशी असावी की शब्द आपोआप पाठ व्हावेत. आमच्या रवीसारखं कुणी त्या भाषेत झालं का?”

“मामा, तुमचा रवीच तिथं होता. १९८६ ते २००५, जवळजवळ वीस वर्षं.”

‘बॉम्बे रवी’ हे नाव मामांनी कुठंतरी वाचलेलं होतं, पण तो दुसरा कुणी असावा असा त्यांचा समज होता. असा समज असणारे ते एकटे नाहीत. हिंदी गाण्यांवर जीव टाकणाऱ्या कितीतरी मराठी घरांत रवी ‘निकाह’पाशी संपतात, आणि केरळात कितीतरी घरांत ते ‘पंचाग्नी’पाशी सुरू होतात.

मामांची बाजू आधी मांडायला हवी, कारण ती भक्कम आहे. रविशंकर शर्मा यांचा जन्म दिल्लीचा, ३ मार्च १९२६चा. गाण्याचं रीतसर शिक्षण नाही. वडील भजनं म्हणत, ती ऐकत कान तयार झाला. पेटी आपली आपणच शिकले. पोटासाठी विजेची कामं केली. १९५० साली गायक व्हायला मुंबईत आले तेव्हा डोक्यावर छप्पर नव्हतं, रात्री मालाड स्टेशनवर काढल्या. १९५२च्या ‘आनंद मठ’मध्ये ‘वंदे मातरम्’च्या समूहस्वरांत हेमंतकुमारांनी त्यांना घेतलं आणि पुढे साहाय्यक म्हणून ठेवलं. ‘नागिन’मधली जी पुंगी ऐकून थिएटरात नाणी पडत असत, तिच्यात क्लॅव्हायोलिन कल्याणजींचं आणि पेटी रवींची. १९५५च्या ‘वचन’पासून ते स्वतंत्र संगीतकार झाले.

“आणि मग बघ,” मामा सांगू लागले, “रफीसाहेबांना पहिलं फिल्मफेअर मिळालं ते ‘चौदहवीं का चाँद’साठी. महेंद्र कपूर यांना ‘गुमराह’साठी मिळालं, ‘हमराज़’साठी मिळालं. आपल्या आशाबाईंचं पहिलं फिल्मफेअर ‘दस लाख’चं. चारही ठिकाणी चाल रवीची. त्याला स्वतःला ‘घराना’ आणि ‘खानदान’साठी मिळालं. १९७१ची पद्मश्री. वरात निघाली की बँडवाला अजून ‘आदमी सड़क का’मधलं गाणं वाजवतो, आणि मुलगी सासरी निघाली की ‘नील कमल’मधलं. वाजवणाऱ्याला आणि रडणाऱ्याला चाल कुणाची ते ठाऊक नसतं. संगीतकार आणखी कशानं मोठा होतो?”

भाचीनं यातलं काहीच नाकारलं नाही. तिनं एवढंच विचारलं, “मग सत्तरच्या दशकात त्यांना काम का मिळेना?”

प्रश्न अवघड होता, आणि मामांनी तो टाळला नाही. साहिर, शकील यांच्या शब्दांभोवती उभी राहिलेली रवींची चाल त्या दशकाच्या मधल्या वर्षांत मागे पडली. वाद्यमेळ मोठा झाला, ताल पुढे आला, शांतपणे दोन कडवी ऐकवणाऱ्या गाण्याची जागा आक्रसली. १९८२च्या ‘निकाह’नं रवींना पुन्हा उजेडात आणलं, सलमा आगाला त्यातल्या गाण्यासाठी पुरस्कारही मिळाला. पण हिंदीत पहिल्यासारखी गर्दी त्यांच्याकडे परतली नाही.

“म्हणजे तुमच्या मुंबईनं सोडलेला माणूस केरळनं उचलला,” भाची म्हणाली. “तेव्हा तो साठीला आला होता.”

१९८६ हे ते वर्ष. दिग्दर्शक हरिहरन यांनी त्या एकाच वर्षात रवींकडून दोन चित्रपट करून घेतले, ‘पंचाग्नी’ आणि ‘नखक्षतंगळ’. दोन्हींची पटकथा एम. टी. वासुदेवन नायर यांची, गीतं ओ. एन. व्ही. कुरुप यांची. मल्याळम साहित्यातली ही दोन नावं किती मोठी, हे मराठी वाचकाला ज्ञानपीठावरून कळेल: एम. टीं.ना १९९५चं मिळालं, ओ. एन. व्हीं.ना २००७चं. म्हणजे साठाव्या वर्षी परक्या भाषेत पाऊल टाकताना रवींच्या पुढ्यात त्या भाषेतला अव्वल कथाकार आणि अव्वल कवी होता. हिंदीत तेव्हा त्यांना असं काही मिळणं शक्य नव्हतं.

‘नखक्षतंगळ’मधल्या गाण्यासाठी के. एस. चित्रा यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८८च्या ‘वैशाली’साठी त्यांना पुन्हा मिळाला, आणि त्याच चित्रपटातल्या गीतांसाठी ओ. एन. व्हीं.नाही. चित्रा यांच्याकडे एकूण सहा राष्ट्रीय पुरस्कार आहेत, तमिळचे, हिंदीचे, मल्याळमचे. त्यांत मल्याळमचे दोनच, आणि दोन्ही रवींच्या चालींवरचे. ज्या गायिकेनं मल्याळममधल्या बहुतेक सगळ्या मोठ्या संगीतकारांकडे गायलं, तिच्या बाबतीतली ही नोंद आहे. भाचीनं ती सांगितली तेव्हा मामा थोडा वेळ बोलले नाहीत.

पण हार मानणं त्यांच्या स्वभावात नाही. ते म्हणाले, “एक सांग. त्याला मल्याळम येत होतं?”

“नाही.”

“मग माझा आक्षेप इथंच आहे. ‘गीतरामायण’ घे. १९५५ साली पुणे आकाशवाणीवरून सुरू झालं, छप्पन्न गाणी. गदिमांच्या हातून शब्द आले आणि बाबूजींनी लगेच चाल दिली. हे कसं झालं? दोघांची बोली एक, दोघांनी कीर्तनं ऐकलेली, ओव्या ऐकलेल्या. कुठल्या अक्षरावर थांबायचं, कुठलं सोडून द्यायचं, हे बाबूजींना कुणी समजावून सांगावं लागलं नाही. ज्याला शब्द कळत नाही त्यानं चाल लावायची, म्हणजे ते नुसतं सुरांचं काम. भावगीत त्यातून होणार नाही.”

ही मराठी रसिकाची जुनी श्रद्धा आहे. शब्दाला सुरानं धक्का लावायचा नाही, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो. तिच्यात मोठं तथ्यही आहे. पण भाचीचं उत्तर मामांच्याच कपाटातून निघालं.

“मामा, तुम्हाला ‘धूल का फूल’ आवडतो. ‘साधना’ आवडतो. साहिरच्या शब्दांना चाल कुणाची?”

“एन. दत्तांची.”

“म्हणजे दत्ता नाईक. गोव्यातले. ‘अनारकली’ सी. रामचंद्रांची, ते पुणतांब्याचे. ‘दो आँखें बारह हाथ’ वसंत देसाईंची, ते कोकणातले. ‘भाभी की चूड़ियाँ’ तर तुमच्या बाबूजींचीच. यांच्यापैकी कुणाच्या घरी उर्दू किंवा हिंदी बोलत होते? तिथं तुम्ही कधी विचारलं नाही की यांना शब्द कळला का.”

“हिंदी वेगळी गं. ती कानावर पडते. रेडिओवर, बाजारात, शाळेत. माझंच बघ, घरात मराठी, शाळेत उर्दू, गल्लीत तेलुगू. मल्याळम कुणाच्या कानावर पडतंय? दिल्लीच्या माणसाला ती भाषा म्हणजे सगळं नवं.”

मामांचा हा फरक खरा आहे, आणि भाचीनंही तो मान्य केला. एन. दत्ता साहिरशी थेट बोलू शकत होते, रवींना ओ. एन. व्हीं.शी त्यांच्या भाषेत बोलता येत नव्हतं. पण मग त्यांनी केलं काय? इथं सलील चौधरींचं उदाहरण शेजारी ठेवल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

१९६५चा ‘चेम्मीन’ हा रामू करियात यांचा चित्रपट, तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवरचा. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवणारा दक्षिणेतला पहिला चित्रपट. त्याचं संगीत सलीलदांचं, संकलन हृषिकेश मुखर्जींचं, आणि एक गाणं मन्ना डे यांनी गायलेलं. मुंबईचे इतके हात त्या कोळ्यांच्या कथेला लागले होते. सलीलदा पुढे मल्याळममध्ये वीसहून अधिक चित्रपट करत राहिले. त्यांची रीत मात्र अशी की चाल आधी पक्की व्हायची आणि कवी तिच्यात शब्द बसवायचा. वयलार राम वर्मा, ओ. एन. व्ही. यांच्यासारख्या कवींनीही ते केलं, उत्तम केलं. चालीचा आराखडा सलीलदांचा, मल्याळम अक्षरं कवीची.

“हे तर माझ्याच म्हणण्याला धरून झालं,” मामा म्हणाले. “भाषा येत नाही, म्हणून चाल आधी. शब्दानं चालीच्या मागं यायचं.”

“सलीलदांच्या बाबतीत हो. ते बंगालीतही तसंच करायचे, त्यांची प्रतिभाच तशी. पण रवी उलटे होते. शब्द आधी, चाल नंतर हाच क्रम त्यांना पसंत. साहिरबरोबर तोच, शकीलबरोबर तोच. मल्याळममध्येही त्यांच्या हाती आधी कविता आली. गाणी नीट ऐका, कळतं. ‘वैशाली’ची ऐका.”

‘वैशाली’ हा भरतन यांचा चित्रपट, पटकथा पुन्हा एम. टीं.ची. कथा ऋष्यशृंगाची. अंगदेशात पाऊस पडेना, तेव्हा स्त्री कधीच न पाहिलेल्या त्या तरुण ऋषीला रानातून नगरात आणण्यासाठी एका गणिकेच्या मुलीला पाठवतात. मराठी माणसाला हा ऋषी रामायणामुळे माहीत असतो, दशरथाच्या पुत्रकामेष्टीमुळे. ओ. एन. व्हीं.ची भाषा इथं संस्कृतनं भारलेली आहे, लांब समास, दीर्घ स्वर. रवींची चाल त्या दीर्घ स्वरांवर रेंगाळते आणि जोडाक्षरांवर पाय न रोवता पुढे सरकते. मल्याळम न जाणणाऱ्या मराठी कानालाही शब्द कुठं सुरू झाला आणि कुठं संपला, ते ऐकू येतं. चालीत कोंबलेल्या शब्दांचं असं होत नाही.

या लेखाचं म्हणणं इथंच आहे. भाषा न येणं ही रवींची अडचण होती, पण त्या अडचणीनं त्यांना कवीच्या जवळ ढकललं. ज्याला भाषा येते तो अर्थाच्या भरवशावर उच्चाराकडे दुर्लक्ष करू शकतो. ज्याला येत नाही त्याला प्रत्येक अक्षराची लांबी मोजावी लागते, प्रत्येक ओळ पुन्हा पुन्हा ऐकावी लागते. साठाव्या वर्षी ही मेहनत घ्यायला तयार असलेला संगीतकार, आणि ती करायला वेळ देणारे हरिहरन-एम. टी. असे दोन्ही योग जुळले, म्हणून ती गाणी झाली. फक्त एक अट होती: समोरचा शब्द तेवढ्या मोलाचा हवा. तो होता.

मामा ऐकत होते. मग त्यांनी वाद दुसऱ्या अंगानं सुरू केला. “ठीक आहे. पण मग श्रेय कुणाचं? शब्द ओ. एन. व्हीं.चे, गळा येसुदासचा आणि चित्राचा, प्रसंग एम. टीं.नी लिहिलेला. यांतलं कुणीही गाणं तारून नेईल.”

“मग हिंदीतही तेच म्हणा. शब्द साहिरचे, गळा रफीचा, चित्रपट गुरुदत्तचा किंवा चोप्रांचा.”

यावर मामा मनापासून हसले.

श्रेयाच्या या प्रश्नाला राष्ट्रीय पुरस्कारांनी एकदा फार नेमकं उत्तर दिलं आहे. १९९४च्या चित्रपटांसाठी संगीताचा राष्ट्रीय पुरस्कार रवींना मिळाला, ‘परिणयम’ आणि ‘सुकृतम’ या दोन मल्याळम चित्रपटांतल्या गाण्यांसाठी. ‘सुकृतम’च्याच पार्श्वसंगीतासाठी जॉन्सन यांचा वेगळा गौरव झाला. म्हणजे एकाच चित्रपटात गाण्यांचं काम एकाचं, दृश्यांमागच्या संगीताचं काम दुसऱ्याचं, आणि दोघांनाही पुरस्कार. रवींचं बळ गाण्यात होतं, हे या विभागणीवरून स्पष्ट होतं. आणि लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी, की तीस वर्षांच्या हिंदी कारकिर्दीत जो राष्ट्रीय पुरस्कार त्यांच्याकडे आला नाही, तो अडुसष्टाव्या वर्षाच्या मल्याळम कामानं आणला.

‘परिणयम’बद्दल भाची जरा अधिक बोलली, आणि ते योग्यच होतं. नंबुद्री घरातली कोवळ्या वयाची विधवा, तिच्यावर ठेवलेला आळ आणि ‘स्मार्तविचारम’ नावाची ती कठोर चौकशी, असा या चित्रपटाचा विषय. हरि नारायण आपट्यांची यमू ज्यांनी वाचली आहे त्यांना हे जग परकं वाटणार नाही. अशा काळोख्या कथेत युसुफअली केचेरी यांची गीतं शृंगाराची, देवळाच्या आवारातली, संस्कृतच्या अंगानं जाणारी आहेत. चित्रपट त्या मुलीला जे नाकारतो, ते गाणी तिला देतात. हा तोल संगीतकारानं सांभाळला नसता तर गाणी चित्रपटाबाहेर पडली असती.

केचेरी यांच्यावरून आणखी एक गोष्ट निघाली. १९८८च्या ‘ध्वनी’ या मल्याळम चित्रपटाला नौशाद यांचं संगीत होतं. त्यात केचेरींनी रामावरचं एक गाणं थेट संस्कृतात लिहिलं, नौशाद यांनी चाल दिली, येसुदास यांनी गायलं. मामा नौशाद यांचे भक्त. त्यांनी मल्याळम चित्रपट केला, हे मामांना नवं होतं. बाजूच्या खोलीतून मामी म्हणाल्या, “अहो, ते लावा ना आधी. वाद मग घाला.” लावलं. मामांनी डोळे मिटून ऐकलं, आणि संपल्यावर पुन्हा लावायला सांगितलं.

हे सगळे मुंबईकर केरळात रुजले कसे, याला इतिहास आहे. १९३८च्या ‘बालन’पासून सुरू झालेला मल्याळम बोलपट बरीच वर्षं हिंदी आणि तमिळ चालींवर मल्याळम शब्द बसवूनच गात होता. १९५४च्या ‘नीलक्कुयिल’मध्ये के. राघवन यांनी मातीतल्या चाली आणल्या, पी. भास्करन यांनी त्या बोलीत शब्द लिहिले, आणि त्या गाण्याला स्वतःचा आवाज मिळाला. पुढे देवराजन आणि वयलार यांच्या जोडीनं तो भरदार केला. म्हणजे केरळनं मुंबईची नक्कल सोडून दिली त्यानंतर मुंबईचे संगीतकार तिथं आले. त्यांना केरळच्या अटींवर काम करावं लागलं, हे फार चांगलं झालं.

आणि कान तयार होतेच. कोळिकोडमध्ये हिंदुस्थानी संगीताची मैफल जुनी. एम. एस. बाबुराज यांनी त्या अंगानं ‘भार्गवी निलयम’सारख्या चित्रपटाला चाली दिल्या, रफी आणि लता तिथं घरोघरी ऐकले जात. जेरी अमलदेव तर मुंबईत नौशाद यांच्याकडे साहाय्यक होते. अमेरिकेत शिकून परतल्यावर १९८०च्या ‘मंजिल विरिंज पूक्कळ’नं त्यांचं नाव झालं. मुंबई आणि केरळ यांच्यातली ही ये-जा रवींच्या बऱ्याच आधीपासूनची. १९७७च्या ‘सुजाता’त आशा भोसले मल्याळममध्ये गायल्या, चाल रवींद्र जैन यांची, आणि दिग्दर्शक पुन्हा हरिहरन. एम. टी. आणि ओ. एन. व्ही. यांच्याबरोबरच्या ‘आरण्यकम’साठी त्यांनी बासरीवादक रघुनाथ सेठ यांना बोलावलं. मुंबईचा सूर आणि केरळची कविता जुळते, हे हरिहरन यांनी फार आधी ओळखलं होतं.

“पण एक सांगू?” मामा म्हणाले, आणि इथं वादात पहिल्यांदाच त्यांनी भाचीला नवं काही दिलं. “रवी दक्षिणेत साठीला गेला असं तू म्हणतेस. ते चूक. त्याचं ‘घराना’ जेमिनीचं, वासनसाहेबांचं, मद्रासचं. ‘खानदान’ भीमसिंगांचं, तेही तमिळ चित्रपटावरून केलेलं. ‘दो कलियाँ’ एव्हीएमचं. म्हणजे त्याची दोन्ही फिल्मफेअर मद्रासवाल्यांच्या चित्रपटांची. दक्षिणेतले लोक त्याला पंचवीस वर्षं ओळखत होते.”

भाचीला हे सुचलं नव्हतं. मुद्दा मोलाचा आहे, कारण त्यामुळे रवींच्या कारकिर्दीचे मधोमध दोन तुकडे करता येत नाहीत. घरातली भांडणं, वाटण्या, भावाबहिणीची माया अशा कौटुंबिक कथांना साजेशी सरळ चाल मद्रासच्या निर्मात्यांना हवी असे, आणि ती रवी देत. साधेपणा ही त्यांची हिंदीतली ओळख, आणि तो त्यांच्याबरोबर केरळातही गेला. ‘ओरु वडक्कन वीरगाथा’ या मल्याळम चित्रपटात येसुदास यांनी गायलेलं शृंगाराचं गाणं मोहनम रागात आहे, म्हणजे आपल्या भूपात. ‘नखक्षतंगळ’मधलं चित्रा यांचं पुरस्कारप्राप्त गाणंही मोहनममध्ये. पाच स्वर, कुठंही अवघड वळण नाही.  फरक एवढाच की तिथं त्याला अधिक दाट शब्द मिळाले.

मग मामांनी शेवटचा आक्षेप काढला. शास्त्रीय संगीत न शिकलेला माणूस कर्नाटकी संगीताच्या प्रदेशात किती खोल जाणार? उत्तर १९९२च्या ‘सर्गम’मध्ये आहे. संपूर्ण चित्रपट गाणाऱ्या माणसांचा, दिग्दर्शन हरिहरन यांचं, गीतं केचेरींची. गायला येसुदास आणि चित्रा. कर्नाटकी अंगाची ही गाणी दिल्लीत भजनं ऐकून वाढलेल्या रवींनी बांधली. चित्रपटाला लोकप्रिय चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि रवींना केरळ राज्याचा. ज्या राज्यात दक्षिणामूर्ती, देवराजन, रवींद्रन अशा कर्नाटकीत मुरलेल्या संगीतकारांची परंपरा, तिथं हा निर्णय सहज झालेला नाही.

मामांनी हे ऐकून घेतलं. त्यांचं मत पूर्ण बदललं नाही, आणि बदलायला हवं असंही नाही. “माझा रवी ‘गुमराह’चाच,” ते म्हणाले. “पण हा दुसरा मला आधी कुणी ऐकवला नाही, हे खरं.”

का ऐकवला नाही, हा प्रश्न मराठी रसिकांनी स्वतःला विचारायला हवा. आपल्याकडे मल्याळम गाण्याशी धागे कमी नाहीत. लता मंगेशकर यांनी मल्याळममध्ये गायलेलं एकमेव गाणं १९७४च्या ‘नेल्लू’तलं, शब्द वयलार यांचे, चाल सलीलदांची. वाणी जयराम हैदराबादेत स्टेट बँकेत नोकरीला होत्या. लग्नानंतर मुंबईला गेल्या, वसंत देसाईंनी त्यांना ‘गुड्डी’त गायला लावलं आणि कुमार गंधर्वांबरोबर मराठीतही त्यांच्याकडून गाऊन घेतलं. मल्याळममध्ये त्यांना १९७३च्या ‘स्वप्नम’मध्ये पहिलं गाणं दिलं सलीलदांनी. तमिळ मुलगी, हैदराबादची नोकरी, मराठी गुणग्राहक, बंगाली संगीतकार, मल्याळम गाणं. हा प्रवास ज्या देशात सहज होऊ शकतो, तिथं आपण लताबाईंचं ते एक गाणंसुद्धा क्वचितच ऐकतो.

दोघांपैकी कुणाची बाजू खरी, असं कुणी विचारलं तर उत्तर असं: लोकांच्या तोंडी राहण्यात हिंदीतले रवी पुढे आहेत, आणि ते स्थान त्यांच्याकडून कुणी घेणार नाही. पण संगीतकार म्हणून त्यांची कसोटी मल्याळममध्ये लागली. नवी भाषा, नवं संगीत, कठीण कविता आणि उतरतं वय, एवढं सगळं समोर असताना त्यांनी आपल्या आधीच्या गाण्यांची पुनरावृत्ती केली नाही. त्यांचं सर्वोत्तम काम या दुसऱ्या काळातलं आहे.

रवी ७ मार्च २०१२ रोजी मुंबईत गेले. हरिहरन यांचा २००५चा ‘मयूखम’ हे त्यांचं मल्याळममधलं अखेरचं मोठं काम. ज्यांना त्यांची हिंदी गाणी पाठ आहेत त्यांनी सुरुवात ‘नखक्षतंगळ’पासून करावी, मग ‘वैशाली’, मग ‘परिणयम’. पहिल्यांदा अर्थ शोधत बसू नये, नुसतं ऐकावं. दुसऱ्या वेळी गीताचा अर्थ समोर घेऊन बसावं, आणि शेजारीपाजारी, कचेरीत कुणी मल्याळी असेल तर त्यालाच तो विचारावा.